औरंगजेबाला वर्षं लागली, इंग्रजांना आठवडे: सह्याद्रीतले किल्ले नेमके कसे पडले?

प्रश्न थोडक्यात असा आहे. रायगडाने १६८९ मध्ये मोगलांना सात-आठ महिने झुंजवलं, मग तोच रायगड १८१८ मध्ये इंग्रजांपुढे पंधरा-सोळा दिवसांत कसा पडला? इंग्रजांच्या तोफा एवढ्या भारी होत्या, की आपल्याच माणसांनी फितुरी केली? आणि जोडीला नेहमीची शंका: किल्ल्याला भुयारं असताना वेढ्यात रसद का संपायची?

मी इतिहासाचा प्राध्यापक नाही. किल्ल्यांची मोजणी, नकाशे आणि पडझड झालेल्या तटाची डागडुजी यात माझी उमेदीची वर्षं गेली. त्यामुळे माझं उत्तर बखरीपासून नाही, दगडापासून सुरू होतं.

आधी एक गैरसमज काढून टाकू. आपल्या डोंगरी किल्ल्याची ताकद तटबंदीत नसते. गडाचा घेरा फिरून पाहिलात तर लक्षात येईल की बऱ्याच लांबीत तट नाहीच, असला तर छातीएवढा. खरी भिंत आहे कडा. लाव्ह्याचे थर एकावर एक साचले, त्यातला कठीण थर ताठ उभा राहिला आणि मऊ थर झिजून उतार झाला. म्हणून कडा, मग सपाटी, मग पुन्हा कडा अशी रचना आयती मिळते. खालच्या सपाटीला माची म्हणायचं, वरच्या माथ्याला बालेकिल्ला. गवंड्याचं काम फक्त तिथे, जिथे निसर्गाने हात आखडता घेतला: डोंगराची सोंड, घळ, दरवाजाची वाट. टाक्यासाठी फोडलेला दगड तटाला वापरायचा, म्हणजे एका खर्चात पाणीही आणि भिंतही.

या बांधकामात डोकं किती लावलंय ते जवळून बघण्यासारखं आहे. बुरुजावरच्या एखाद्या जंगीत, म्हणजे बंदुकीसाठी ठेवलेल्या भोकात, डोळा घाला. भोक सरळ समोर बघत नाही, खाली उतरतं. शेजारची जंगी डावीकडे तिरकी, तिच्या पलीकडची उजवीकडे. तिन्ही मिळून बुरुजाच्या पायथ्याजवळची पायवाट झाकली जाते, आणि खालच्या माणसाला वर फक्त वीतभर काळं भोक दिसतं. दरवाजा तर बाहेरून दिसतच नाही. दोन बुरुज गाईच्या तोंडासारखे पुढे येतात, वाट त्यांच्या कुशीत वळते आणि वळल्यावर एकदम दार. रायगडाच्या महादरवाजासमोर उभं राहून मागे बघा: तोफ ठेवून दारावर सरळ मारा करता येईल अशी जागा सापडत नाही. हत्तीला धाव घ्यायलाही जागा नाही. राजगडाच्या संजीवनी माचीवर याच्याही पुढची पायरी आहे. तिथे तटाच्या आत दुसरा तट आहे, मधल्या चिंचोळ्या बोळात शिरलेला शत्रू दोन भिंतींत सापडतो.

एवढं सगळं असूनही हे किल्ले पडले. कारण किल्ला म्हणजे शेवटी एक अंदाज असतो. शत्रू काय वर आणू शकणार नाही, किती दिवस खाली थांबू शकणार नाही, आणि तो थांबलाच तर बाहेरून कोण त्याच्या पाठीत घालेल, याचा अंदाज. तो जोवर खरा असतो तोवर कडा अभेद्य. सतराव्या शतकात तो बऱ्याच अंशी खरा होता. १८१८ मध्ये त्यातली एकही गोष्ट खरी उरली नव्हती. माझं सगळं म्हणणं एवढंच आहे, बाकी तपशील.

पहिला तपशील शेजारच्या डोंगराचा. रामचंद्रपंत अमात्यांनी १७१५ च्या सुमारास लिहिलेल्या आज्ञापत्रात दुर्गांचं प्रकरण आहे. त्यात स्पष्ट बजावलंय की किल्ल्याजवळ दुसरा डोंगर असू नये. असला तर सुरुंग लावून तो फोडावा, गडाच्या आहारी, म्हणजे ताब्यात, आणावा. तेही शक्य नसेल तर तो मोकळा न सोडता तिथेही तट-बुरुज घालावेत. हे वाक्य लिहिणारा माणूस स्वतः वेढे बघितलेला होता, हे मला प्रत्येक वेळी वाचताना जाणवतं. कारण सह्याद्रीत एकटा डोंगर मिळणं दुर्मीळ. रांगच असते. जवळच एखादा उंचवटा निघतोच, आणि किल्ला पडतो तो बहुतेक वेळा त्याच उंचवट्यावरून.

पुरंदर घ्या. त्याला लागून वज्रगड, मध्ये भैरवखिंड. वज्रगड पुरंदरच्या बालेकिल्ल्यापेक्षा बुटका आहे, पण पुरंदरची माची त्याच्या माऱ्यात येते. १६६५ च्या मार्चअखेरीस मिर्झाराजे जयसिंग आणि दिलेरखान आले. त्यांनी पहिला घाव घातला वज्रगडावर. मोठ्या तोफा डोंगरावर चढवायला एकेकीला तीन-तीन दिवस लागले. दोराला माणसं जुंपायची, हातभर ओढायची, चाकाखाली दगड द्यायचा, पुन्हा ओढायची. बुरुजाचा पाया ढासळला आणि १४ एप्रिलला वज्रगड गेला. पण पुरंदर त्यानंतरही दोन महिने झुंजत होता. मुरारबाजी देशपांडे माचीवरच्या झुंजीत पडले, मोगलांनी लाकडी दमदमे, म्हणजे उंच मचाणं, उभारून त्यांवर तोफा चढवल्या, बुरुजामागून बुरूज घेतले. तरी बालेकिल्ला हाती आला तो जूनमधल्या तहाने. २३ किल्ले त्या तहात द्यावे लागले.

आता १८१८ चा मार्च. तोच पुरंदर, तोच वज्रगड. १४ तारखेला इंग्रजांच्या उखळी तोफा सुरू झाल्या, १५ ला वज्रगडाने इंग्रजांची शिबंदी, म्हणजे पहाऱ्याची फौज, आत घेतली, १६ ला पुरंदरवर त्यांचं निशाण चढलं. दीडशे वर्षांत डोंगर हलला नव्हता, तटही बहुतांशी तोच. बदललं काय होतं, त्याकडे येतो.

त्याच महिन्यात लोहगडाचंही तेच झालं. लोहगड-विसापूर ही जोडी पुण्या-मुंबईच्या प्रत्येक ट्रेकरला माहीत आहे. विसापूर पन्नासेक मीटरनं उंच. इंग्रजांचा कर्नल प्रॉथर ४ मार्चला विसापूरला गेला, तिथे प्रतिकार झाला नाही. दुसऱ्या दिवशी लोहगड रिकामा. लोहगडाच्या विंचूकाटा या लांबट माचीचं कौतुक करत आपण फोटो काढतो, पण त्या दिवशी विंचूकाट्याचा काही उपयोग नव्हता, कारण माथ्याच्या उघड्या बाजूवर डोक्यावरून तोफ रोखलेली असणार होती. वासोट्याला तर शेजारचा उंच डोंगर जुना वासोटा म्हणूनच ओळखला जातो. एप्रिलच्या सुरुवातीला इंग्रजांनी त्यावर तोफा चढवल्या, आणि एका दिवसाच्या माऱ्यात नव्या वासोट्याने शरणागती दिली. तिथे साताऱ्याच्या छत्रपतींच्या घरची माणसं आणि दोन इंग्रज अधिकारी कैदेत होते, म्हणून इंग्रजांचा मुख्य अधिकारी एल्फिन्स्टन याला घाई होती. गंमत म्हणजे वासोटाही पडू शकतो हा धडा काही वर्षांपूर्वीच मिळालेला होता. पेशव्यांचे सेनापती बापू गोखले यांनी तो गड लढवणाऱ्या ताई तेलिणीकडून वासोटा घेतला तोही दीर्घ वेढ्यानंतर, गडावरचं धान्याचं कोठार जळाल्यावर. त्यानंतरही जुन्या वासोट्याचा बंदोबस्त कुणी केला नाही.

मग दीडशे वर्षांत बदललं काय? पहिली गोष्ट, तोफगोळा कुठल्या वाटेने येतो ती वाट.

साधी लांब नळीची तोफ गोळा जवळजवळ सपाट फेकते. ती पायथ्याशी ठेवली तर दोन अडचणी. नळी एवढी उचलता येत नाही, आणि उचललीच तर गोळा कड्यावर आपटतो, नाहीतर माथ्यावरून पलीकडच्या दरीत जातो. म्हणून मोगलांना तोफ उंचावर नेण्यावाचून गत्यंतर नव्हतं. उखळी तोफेचं गणित वेगळं. आखूड, रुंद तोंडाची नळी, तोंड आभाळाकडे. गोळा वर जातो आणि माथ्यावर उभा कोसळतो. पल्ला कमी-जास्त करायचा तो दारूचं वजन बदलून. गोळा पोकळ, आत दारू, आणि तोंडाशी लाकडी नळीतला बत्तीचा मसाला. ती नळी किती लांब कापायची त्यावर गोळा कधी फुटणार ते ठरतं. जमिनीवर पडून फुटवायचा की डोक्यावर हवेत, हे तोफखान्याचा माणूस करवतीने ठरवतो. याच्यापुढे तट निरुपयोगी. तट समोरून येणाऱ्याला अडवतो, वरून येणाऱ्याला नाही. शिवाय गडावरची घरं लाकूड आणि गवताची. रायगडावर मे १८१८ मध्ये असाच गोळा पडून वाड्याला आग लागली आणि पुढचं बोलणं लवकर उरकलं. पेशवा दुसऱ्या बाजीरावाची पत्नी वाराणशीबाई तेव्हा गडावर होती.

आता इथे कुणी म्हणेल, म्हणजे इंग्रजांकडे जादूची तोफ होती. तसं नाही. उखळी तोफ सह्याद्रीला नवी नव्हती. १६६० मध्ये सिद्दी जौहरने पन्हाळ्याला वेढा घातला तेव्हा राजापूरच्या वखारीतले इंग्रज अशा तोफा घेऊन तिथे गेले होते, आणि त्याबद्दल महाराजांनी पुढच्याच वर्षी राजापूरला त्यांचा चांगला समाचार घेतला. तरी पन्हाळा तोफांनी पडला नाही. महाराज १२ जुलैच्या रात्री निसटले, बाजीप्रभूंनी खिंड धरली. सांगायचं असं, की तोफ असून भागत नाही. पुरेसे गोळे हवेत, दारू एकसारखी हवी, मोजून मारणारा माणूस हवा, आणि हे सगळं पायथ्यापर्यंत आणणारा रस्ता हवा.

रस्त्याबद्दल बोलायला हवं, कारण पुस्तकांत त्याला एक ओळ मिळते आणि प्रत्यक्षात निम्मं युद्ध तेच असतं. अठरा पौंडी लोखंडी तोफेचं वजन साधारण दोन टन. एक गोळा आठ किलोचा. असे हजारभर गोळे म्हणजे आठ टन, त्यावर दारू, गाडे, बैल, बैलांचा चारा. १८०३ च्या डिसेंबरात विदर्भातल्या गाविलगडाला इंग्रजांच्या वेढ्यात काय झालं ते बघा. दक्षिणेकडून कडा, मारा करायला वाव नाही. उत्तरेला लबाडा गावाच्या बाजूने मात्र गड पठाराला जोडलेला. कर्नल स्टीव्हन्सनची पलटण मेळघाटाच्या डोंगरांतून वाट तयार करत, तोफा बहुतांश हातांनी ओढत पाच दिवसांत त्या बाजूला पोहोचली. १२ ला पोहोचले, १४ ला खिंडार पडलं, १५ ला गड गेला. मारा दोन-तीन दिवसांचा, ओढाताण त्याच्या दुप्पट. मी डागडुजीसाठी चुना आणि वाळू खेचरांवरून गडावर नेण्याचे हिशेब केलेत. त्यामुळे दोन टनाची तोफ वर नेली हे वाक्य मला वाचून पुढे जाता येत नाही.

मोगलांकडे माणसं आणि पैसा याची ददात नव्हती. मग त्यांना वेळ का लागला? ते तीन उपाय वापरत: सुरुंग, शिडी आणि थैली.

सुरुंग मैदानी किल्ल्याला चांगला चालतो. चाकणचा संग्रामदुर्ग भुईकोट. १६६० मध्ये शायिस्ताखानाने तो पावणेदोन महिने वेढला, माती खणत बुरुजाखाली गेला आणि १४ ऑगस्टला बुरूज उडवला. फिरंगोजी नरसाळ्याने तरीही रात्रभर खिंडार लढवलं. मोगलांचे २६८ मेले, ६०० जखमी झाले, एका छोट्या भुईकोटासाठी. पण तोच सुरुंग डोंगरी किल्ल्याला लावायचा म्हणजे काळ्या पाषाणात बोगदा कोरायचा, आणि दारूचा जोर कुठे जाईल ते सांगता येत नाही. स्फोट नेहमी कमी अडथळ्याच्या बाजूने फुटतो. मैदानात वर मोकळं असतं, म्हणून बुरूज उडतो. कड्याच्या टोकाला मोकळी बाजू कुठली? बाहेरची, जिथे वेढा घालणारा उभा आहे. साताऱ्याला १७०० च्या एप्रिलमध्ये नेमकं हेच घडलं. मोगलांच्या तरबियतखानाने दोन सुरुंग ठासले होते. पहिल्याने तट आत कोसळला, गडावरचे लोक गाडले गेले. किल्लेदार प्रयागजी प्रभू ढिगाऱ्याखालून जिवंत निघाले. दुसरा बाहेरच्या बाजूने फुटला आणि खाली एल्गारासाठी दाटीवाटीने उभ्या असलेल्या बादशाही फौजेवर सगळा दगड आला. सुमारे दोन हजार माणसं गेली. त्यांच्यासाठी खिंडार पडलंच होतं, पण त्यात शिरायला माणूस उरला नाही. शेवटी गड मिळाला तो वाटाघाटीने, त्याचं नाव आझमतारा ठेवलं गेलं.

शिडीने औरंगजेबाच्या शेवटच्या मोहिमेत एकच मोठा गड पडला असं म्हणता येईल, तोरणा, १७०४ च्या मार्चमध्ये रात्री दोराच्या शिड्या लावून. आपल्याकडे हे तंत्र मराठ्यांच्या हातचं मानलं जातं, आणि खरंच ते होतं: १६७० चा कोंढाणा, १६७३ चा कोंडाजी फर्जंदाचा साठ माणसांनिशी घेतलेला पन्हाळा. पण ते चोरीचं काम आहे, वेढ्याचं नाही. वेढा पडला की गडावरचा पहारा जागा असतो.

राहिली थैली. १६९९ ते १७०५ या काळात औरंगजेब स्वतः, ऐंशी ओलांडलेला, वसंतगड, सातारा, परळी, पन्हाळा, विशाळगड, सिंहगड, राजगड, तोरणा असा एकेक गडापुढे तळ ठोकत गेला. यातले बहुतेक गड रक्कम घेऊन खाली केले गेले. विशाळगड पाच-सहा महिने लढला आणि जून १७०२ मध्ये परशुरामपंत प्रतिनिधींनी दोन लाख रुपये घेऊन सोडला. तारीख बघा. जून. मृगाचा पाऊस सुरू झालेला. मराठ्यांचा हिशेब पक्का होता: उन्हाळा लढायचं, शत्रूचा दाणागोटा संपवायचा, पाऊस तोंडावर आला की पैसे घेऊन माणसं-हत्यारं घेऊन बाहेर पडायचं. गड काही पळून जात नाही. बादशाही फौजेला विशाळगडाहून पन्हाळ्यापर्यंतचे तीस मैल कापायला ३८ दिवस लागले. ओढ्यांना पूर, तंबू कुजलेले, उंट-हत्ती चिखलात रुतून मेले. आणि एवढं करून घेतलेले किल्ले फार टिकले नाहीत. औरंगजेब १७०७ मध्ये मरायच्या आतबाहेर सिंहगड, राजगड, पन्हाळा पुन्हा मराठ्यांकडे आलेले होते.

म्हणून 'फितुरी झाली का?' या प्रश्नाला माझं उत्तर असं की तो प्रश्न चुकीच्या चष्म्यातून विचारलाय. शिवकाळात गडावर हवालदार, सरनोबत आणि सबनीस असे तीन अधिकारी मुद्दाम वेगवेगळ्या जातींचे ठेवत, कुणा एकाला गड परस्पर देता येऊ नये म्हणून. म्हणजे फितुरीची भीती सगळ्यांना होतीच. पण राजाराम आणि ताराबाईंच्या काळात पैसे घेऊन गड सोडणं हे बऱ्याचदा वरून ठरवलेलं धोरण होतं. ते यशस्वी झालं कारण गडाबाहेर फौज होती. धनाजी जाधवांसारखे सरदार वेढा घालणाऱ्याच्या रसदेवर तुटून पडत होते. वेढा घालणारा स्वतःच वेढ्यात असायचा. रामशेजसारखा बुटका गड मोगलांनी १६८२ पासून कित्येक वर्षं वेढला, तिथल्या लोकांनी लोखंडी तोफा नसताना लाकडाच्या तोफा करून डागल्या असं मोगल इतिहासकार खाफीखान लिहितो. तमिळ मुलखातली जिंजी तर आठ वर्षं लढली, १६९० ते १६९८. आत जिद्द होतीच. पण बाहेर कोणी होतं, म्हणून जिद्दीला काही अर्थ होता.

१८१८ मध्ये हेच बाहेरचं नाहीसं झालं. १० फेब्रुवारीला सातारा इंग्रजांकडे आला. दुसऱ्या दिवशी एल्फिन्स्टनने जाहीरनामा काढला की पेशव्यांचं राज्य संपलं, छत्रपतींना स्वतंत्र मुलूख मिळेल आणि लोकांची वतनं-इनामं चालू राहतील. माझ्या मते त्या वर्षातला सगळ्यात प्रभावी तोफगोळा हा कागद होता. २० फेब्रुवारीला आष्टीच्या लढाईत बापू गोखले पडले, छत्रपती प्रतापसिंह इंग्रजांच्या हाती आले आणि बाजीराव पळत सुटला. आता एखाद्या किल्लेदाराच्या जागी स्वतःला ठेवून बघा. गड लढवायचा तो कुणासाठी? पगार कोण देणार? पावसाळ्यापर्यंत तग धरला तरी दिवाळीला मदतीला येणार कोण? सिंहगडाने तरी २० फेब्रुवारी ते २ मार्च एवढे दिवस इंग्रज सेनानी प्रिट्झलरच्या तोफांना तोंड दिलं. आत सुमारे अकराशे माणसं, बहुतेक गोसावी आणि अरब. ही पगारी शिबंदी. घेऱ्यातल्या मेटांवर, म्हणजे पहाऱ्याच्या चौक्यांवर, पिढ्यान्‌पिढ्या राहणारा, गडाच्या पोटाशी शेत असलेला माणूस वेगळा आणि पगारी माणूस वेगळा. त्यांच्या शौर्यात कमी नव्हती, बांधिलकीचा प्रकार वेगळा होता.

शौर्यात कमी नव्हती हे मालेगावने दाखवून दिलं, आणि माझ्या अंदाजाच्या सिद्धांताला यापेक्षा चांगला पुरावा नाही. मालेगावचा किल्ला भुईकोट, मोसम नदीच्या काठी, नारोशंकर राजेबहादरांनी बांधलेला. जवळ डोंगर नाही, उंचवटा नाही. आत साडेतीनशेच्या आसपास लोक, मुख्यतः अरब. इंग्रजांच्या मॅकडॉवेलने नाशिककडचे राजधेर, त्र्यंबक असे भलेभले गड एप्रिलमध्ये झटपट घेतले होते, त्यामुळे मालेगावला आठवड्यात आटोपू असं वाटलं असणार. मेच्या मध्यावर वेढा पडला. २९ तारखेचा हल्ला सपशेल फसला. खंदक खोल, आतल्या तटापर्यंत शिड्या पुरेनात, सुरुंगवाल्या तुकडीचे अधिकारी पडले. अहमदनगरहून नव्या तोफा आणाव्या लागल्या. ११ जूनला आतलं दारूकोठार उडालं आणि मग दोन-तीन दिवसांत शरणागती झाली. इंग्रजांची दोनशेच्या वर माणसं मारली गेली वा जखमी झाली. सह्याद्रीतल्या बऱ्याच दुर्गम गडांना दोन-चार दिवस आणि सपाटीवरच्या मालेगावला जवळजवळ महिना! कारण मालेगाव बांधताना 'शत्रू तोफा आणणारच' हे धरून खंदक आणि एकात एक तट घातले होते. डोंगरी किल्ला 'शत्रू तोफा आणू शकत नाही' यावर उभा होता. १७३९ मध्ये चिमाजीअप्पांना वसईला याची दुसरी बाजू दिसली. पोर्तुगिजांचे टोकदार कोनाचे बुरुज एकमेकांच्या पायथ्याचं रक्षण करत होते, आणि ते फोडायला मराठ्यांना सुरुंगामागून सुरुंग लावावे लागले, हजारो माणसं खर्ची पडली.

आता पाणी आणि भुयारं. आज्ञापत्रात आणखी एक बारकावा आहे जो फार थोड्यांच्या नजरेत येतो. गडावर झरा आहे म्हणून निर्धास्त राहू नका, असं अमात्य म्हणतात, कारण लढाईत तोफांच्या आवाजाने झरे कमी होतात. म्हणून टाकी आणि तळी खोदून पाण्याचा वेगळा साठा करावा. आवाजाने की हादऱ्याने भेगा सरकून, ते सोडा. निरीक्षण मात्र कामाचं आहे. कातळातल्या फटीतून झिरपणारा झरा नाजूक असतो. आम्ही टाकी साफ करताना पाहतो की शेजारी खोदकाम झालं की एखाद्या टाक्याचं पाणी दुसऱ्यात उतरतं. वेढ्यात पहिलं मरतं ते पाणी नाही, धान्यही नाही. मीठ, दारू आणि जळण आधी संपतं. त्यातही पावसाळ्यात गडावरची दारू सर्द होते, ही गडाचं भांडार सांभाळणाऱ्या कारखानिसाची कायमची डोकेदुखी असायची.

भुयाराबद्दल निराश करतो. प्रत्येक गडावर गावकरी एक भुयार दाखवतात, शेजारच्या गडापर्यंत जाणारं. मी आत शिरून पाहिलेली बहुतेक 'भुयारं' म्हणजे खांबटाकी (खांब सोडून कातळात कोरलेली पाण्याची टाकी), धान्याची कोठारं, कोरीव लेणी किंवा तटातून पाणी बाहेर काढणारी मोरी निघाली. कठीण पाषाणात दोन-चार कोस बोगदा खोदायची ताकद असती तर पायथ्याशी बसलेल्या मोगलांचे सुरुंग इतके फसले नसते. चोरदिंडी मात्र खरी गोष्ट आहे. आज्ञापत्र सांगतं की एकच दरवाजा हा गडाचा दोष, निदान दोन-तीन दरवाजे आणि शिवाय चोरदिंड्या असाव्यात. या दिंड्या म्हणजे तटातली माणूस वाकून जाईल एवढी वाट, जी नेहमी दगड रचून बंद ठेवत. रसदेचे पाच-दहा डोक्यावरचे बोजे अंधारात त्यातून येऊ शकत. हजार माणसांचं महिन्याचं धान्य नाही.

शेवटी, तुम्ही स्वतः जाऊन तपासू शकाल अशी एक गोष्ट. किल्ले घेतल्यावर इंग्रजांनी त्यांची वासलात कशी लावली ते बघा. एवढे मैलोगणती तट पाडणं त्यांना परवडणारं नव्हतं आणि गरजही नव्हती. नाशिक-नगरच्या रांगेत त्यांनी सुरुंग लावले ते कातळात कोरलेल्या पायऱ्यांना. अलंग आणि मदनवर आज दोर लावून चढावं लागतं ते त्यामुळेच. वर गेलात की तुटलेल्या पायऱ्यांच्या वर पुन्हा शाबूत पायऱ्या सुरू होतात. हरिहरच्या पायऱ्या वाचल्या म्हणून तिथे शनिवार-रविवारी रांग लागते. पुरंदरला जायचं असेल तर ओळखपत्र बरोबर ठेवा, तो भाग लष्कराच्या ताब्यात आहे. माचीवर पोहोचलात की आधी बालेकिल्ल्याकडे धावू नका. भैरवखिंडीकडे तोंड करा आणि वज्रगडाचा माथा किती जवळ दिसतो, ते आधी बघून घ्या.